अर्धं दुपटं

टाकेमावशींची ओळख करून द्यायची, तर आधी त्यांच्या चोराची ओळख करून द्यावी लागेल. शिवणखान्यात नवीन बाई कामाला आली, की चार दिवसांत तिला ती गोष्ट ऐकावीच लागे. जेवणाचे डबे उघडायचे, जुन्या बायका एकमेकींना कोपरानं ढोसायच्या, आणि मावशी दोरा दातानं तोडून सुरुवात करायच्या.

"माझी पोर तेव्हा अंगावर पिणारी. भर दुपार. वारा असा सुटलेला, की दारं आपटून आपटून खिळखिळी झाली होती. मी अंगणात धुणं धोपटत बसले होते. दोरीवर पोरीचं दुपटं वाळत होतं. पिवळं, निळ्या काठाचं. मान वर करून बघते तर काय, एक बाई दुपट्याला हात घालतेय! अंगात पोत्यासारखं काहीतरी, तोंडाला फडकं गुंडाळलेलं आणि एकाच पायात बूट."

"एकाच?" नवीन बाई विचारायची. तिनं विचारावं, यासाठीच मावशी तिथं जरा थांबायच्या.

"एकाच! अगं, चोरीला निघालीस तर निदान दोन्ही पायांत घालून नीघ ना! मी धावले, दुसरं टोक पकडलं. ती ओढतेय, मी ओढतेय. फाटलं की फर्रकन. अर्धं तिच्या हातात, अर्धं माझ्या. आणि पुढं तर ऐक. पळायचं सोडून ती मला सांगते कशी, 'तुझ्याकडचं अर्धं जपून ठेव हं!' ओळख ना पाळख, एकदम एकेरीवर! माझं टाळकंच सरकलं. हातातलं धोपाटणं दिलं भिरकावून. बसलं बरोबर खांद्यावर. म्हटलं, पुन्हा या दारात तोंड दाखवलंस तर तंगडी मोडून ठेवीन! तर आमचे हे, पोरीला कडेवर घेऊन दारात उभे. म्हणतात काय, 'जाऊ दे गं, तिला गरज असेल.' घरात दरोडा पडतोय आणि यांचा दानधर्म चाललाय!"

बायका डोळ्यांत पाणी येईपर्यंत हसायच्या. मावशीही हसायच्या. त्या पोरीचे बाबा पुढं वर्षाच्या आतच गेले, हे त्या गोष्टीत कधी यायचं नाही. ते ज्यांना माहीत होतं त्या जरा आधी हसायच्या थांबायच्या, एवढंच.

"मग ते अर्धं?" कुणीतरी विचारायचंच.

"ठेवलंय की जपून. चोरानं सांगितलेलं काम आहे, इमानानं करायला नको?"

तर अशा आमच्या टाकेमावशी. शहराबाहेरच्या उघड्या टेकडीवर वाराघर बांधलं, तेव्हापासून त्या तिथं शिवणकामाला होत्या. हात असा की टाका शोधायचा तर भिंग घ्यावं. म्हणून नाव पडलं टाकेमावशी. खरं नाव पगाराच्या दिवशीच काय ते ऐकू यायचं. जीभ मात्र सुईपेक्षा धारदार. देवावर श्रद्धा होती, पण त्याचा बोभाटा नव्हता. सकाळी कामाला बसताना सुई कपाळाला लावायच्या आणि ओठांतल्या ओठांत काहीतरी पुटपुटायच्या. देवाला त्या एरवी फारसा त्रास देत नसत.

वाराघरात काय चालायचं, ते मावशी नव्या बायकांना स्वयंपाकाची रीत सांगावी तसं सांगायच्या. "वारा संपत नाही गं. आज आपल्या अंगावरून गेला, तो पृथ्वीभर फिरतोच आहे. आपल्या आजीच्या अंगावरून गेलेला वाराही अजून फिरतोय. शीड त्याला धरतं आणि माणसाला त्या दिवसात नेऊन सोडतं. पण कुठल्या दिवसात, हे शिडाला कसं कळणार? ते सांगते पट्टी. त्या दिवशीच्या वाऱ्यात फडफडलेल्या कापडाची पट्टी. आणि कापड कसं असतं? सगळे वारे विसरतं, पण ज्या वाऱ्यात फाटलं तो विसरत नाही. आपलं माणसांचंच की! म्हणून पट्टी नेहमी फाटक्या कापडाची. तिचे दोन भाग करायचे. एक शिडाखाली प्रवासी बसतो त्या झोळीला शिवायचा, दुसरा इथं परतीच्या काठीला बांधून वाऱ्यावर सोडायचा. तिकडचा वारा पडला, की तिकडचं अर्धं इकडच्या अर्ध्याकडे धाव घेतं, आणि माणूस काठीखाली हजर."

"आणि पट्टी तिकडेच हरवली तर?"

"तर त्याच वाऱ्यात फाटलेलं दुसरं काहीतरी शोधायचं. नाही मिळालं तर राहा तिकडेच, तिकडच्या भाज्या स्वस्त!"

शिवणखान्याचा एकच नियम होता आणि तो मावशींनीच डोळ्यांत तेल घालून सांभाळला होता. शिडाचं आणि झोळीचं कापड कोरं हवं. धुवायचं ते खोलीत, वाळवायचं ते खोलीत, खिडकी बंद करून. घरातलं कापड, उघड्यावर वाळलेलं, शिवणखान्यात आणायचं नाही म्हणजे नाही. काजं करणारी बाई, तिला सगळ्या काजवाली म्हणत, एकदा नाक पुसायचा रुमाल घेऊन आत आली, तर मावशींनी तिला दारातच फैलावर घेतली. "प्रवाशाला पाठवायचं शंभर वर्षं मागं, आणि तो जाऊन पडायचा तुझ्या परसात, परवाच्या धुण्यात!"

असा जिचा कडक पहारा, तिनंच तो नियम मोडला.

झालं असं, की मावशींची लेक मोठी होऊन वाराघरातच प्रवासी म्हणून निवडली गेली. लहानपणापासून एका जागी ठरत नसे, म्हणून तिला सगळे भिंगरीच म्हणत. आईनं शिडं शिवायची आणि लेकीनं त्यांवरून उडायचं, याचं शिवणखान्याला कोण कौतुक! मावशी वरवर म्हणायच्या, "उडू दे, घरात पाय ठरतोय कुठं तिचा?" पण लेकीची पहिली एकटीची फेरी ठरली, तसा त्यांचा घास उतरेना. काम साधं होतं. जुना पूल बांधायला घेतला त्या दिवशी जायचं, पाया नेमका कुठं खणला ते पाहायचं आणि यायचं. त्या दिवशीच्या एका फाटक्या निशाणाची पट्टी मिळाली होती. जोखीम म्हणावी अशी नव्हतीच.

तरी आईचं मन. आदल्या दिवशी जेवणाच्या सुट्टीत बायका बाहेर गेल्या, तेव्हा मावशींनी पिशवीतून तळहाताएवढी एक पिवळी चिंधी काढली. अर्ध्या दुपट्यातून कापून आणलेली. ह्याच दुपट्यात पोर वाढली, ह्यातच तिच्या बापानं तिला घेतलं. तेवढी माया सोबत जावी. बरं, इतकी वर्षं पत्र्याच्या पेटीत बंद असलेलं कापड, त्याला कुठला वारा आठवणार? मावशींनी देवाचं नाव घेतलं आणि झोळीच्या बैठकीत, आतल्या अस्तराखाली, ती चिंधी बारीक टाक्यांनी शिवून टाकली. ते कापड फाटलेलं आहे, हे त्यांच्या ध्यानातच आलं नाही. कारण ते फाटल्याची गोष्ट हसण्याची होती. हसण्याच्या गोष्टीचा कुणी विचार करतं का?

दुसऱ्या दिवशी दुपारी वारा चांगला सुटला. वाराघराचा मोठा हॉल एका बाजूनं सताड उघडा होता. शिवणखान्याच्या बायका भिंतीला टेकून उभ्या राहिल्या. वारेमास्तर, म्हणजे शीड सोडणारे साहेब, वाऱ्याचा अंदाज घेत होते. भिंगरी झोळीत बसली. अंगात जाडाभरडा कोरा झगा, धुळीसाठी तोंडाला फडकं, पायांत बूट.

"आई, तोंड बघ कसं झालंय तुझं! पुलापर्यंत चाललेय, सासरी नाही."

"सासरी गेलीस तर मी आनंदानं नाचेन. नाड्या नीट बांध बुटाच्या. कधी धड बांधत नाहीस."

"बांधल्यात गं!"

शीड भरलं. एरवी प्रवासी जायचा तो आरशावरची वाफ विरावी तसा, नकळत. त्या दिवशी शिडातून एक किंकाळी निघाल्यासारखा आवाज आला. झोळी एकदा पुढं ओढली गेली, एकदा मागं, जणू दोघंजण तिच्यासाठी भांडत होते. मग शीड मधोमध टरकन फाटलं. आणि झोळी नाहीशी झाली, भिंगरीसकट.

फरशीवर काहीतरी थपकन पडलं.

वारेमास्तर वाकून शिडाच्या चिंध्या चाळत होते. त्यातून त्यांनी निशाणाची पट्टी उचलली आणि त्यांचा चेहरा चुन्यासारखा झाला. "पट्टी इथेच राहिली," ते म्हणाले. "पट्टी इथेच आहे, मग ती गेली कशावर?"

मावशींना ते ऐकू आलं, पण लांबून आल्यासारखं. त्यांची नजर फरशीवर होती. थपकन पडलेली वस्तू त्यांच्यापासून दोन पावलांवर पडली होती. डाव्या पायाचा बूट. नाडी सुटलेली.

काजवालीनं तोंडावर हात दाबला. "मावशी," ती म्हणाली, "मावशी, एकच बूट..."

त्या क्षणी हॉलमधल्या सगळ्या बायकांना ती गोष्ट आठवली. कितीदा हसल्या होत्या त्या तिला! पोत्यासारखा झगा, तो तर इथले प्रवासी रोजच घालत. तोंडाचं फडकं रोज डोळ्यांसमोर होतं. पण नाकासमोरची गोष्ट माणसाला दिसत नाही, आणि चोर म्हटलं की तो चोरच असतो. मावशी फरशीवरच बसल्या आणि बूट त्यांनी दोन्ही हातांनी उचलला. अजून गरम होता.

"माझ्या पोरीला मी धोपाटण्यानं मारलं," त्या म्हणाल्या. "माझ्या पोरीला मी सांगितलं, तोंड दाखवू नकोस."

शब्दाला वजन असतं, असं मानणारी बाई ती. कुणाला चुकून 'मर' म्हणायच्या नाहीत. आणि आयुष्यात एकदाच कुणाला शाप दिला, तो पोटच्या पोरीला? तोही ती कडेवर असताना?

वारेमास्तरांना काहीच कळेना. काजवालीनं एका दमात त्यांना गोष्ट सांगितली. मावशींनी झोळीतल्या चिंधीचं सांगितलं. ते रागावतील, ओरडतील, असं सगळ्यांना वाटलं. ते ओरडले नाहीत. त्यांनी जवळचं स्टूल ओढलं, पण बसायचं विसरले.

"म्हणजे ती त्या दिवशी तुमच्या अंगणात जाऊन पडली. झोळी बहुतेक फाटून उडाली असणार. पट्टी जवळ नाही. दोरीवर दुपटं दिसलं, त्याच वाऱ्यात फडफडणारं. तिला शिकवलंय आम्ही. तिनं ते चोरलं नाही मावशी, मुद्दाम फाडलं. अर्धं स्वतःला घेतलं आणि अर्धं..."

"जपून ठेव म्हणाली," मावशी म्हणाल्या. "एकेरीत म्हणाली."

"तुमच्याकडचं अर्धं कुठाय?"

"घरी. पेटीत."

"बंद पेटीत?" मास्तरांनी कपाळावर हात मारला. "मावशी, तिकडचा वारा पडला की तिचं अर्धं तुमच्या अर्ध्याकडे ओढलं जाणार. त्याला वारा लागत नसेल तर ती येणार कुठं? काठीला नसलेल्या पट्टीकडे आजवर कुणी परत आलेलं नाही. तो वारा कधी पडला होता, काही आठवतं?"

मावशींना आठवलं. त्या दिवशी वाऱ्यामुळे दिवसभर चूल पेटत नव्हती, आणि दिवेलागणीला मात्र पहिल्या काडीला धडधडून पेटली होती. "ह्यांना म्हणाले होते मी, 'बघा, चोर गेला आणि वारा पण गेला.'"

"तिकडे जेवढा वेळ जातो, तेवढाच इकडे जातो. दिवेलागणीच्या आत ते कापड उघड्यावर फडफडलं पाहिजे. घरी फोन लावा!"

घरी मावशींच्या नणंदबाई होत्या. मावशी त्यांना वन्सं म्हणत. वन्सं फोनला झुरळाला भ्यावं तशा भीत. वाजला तर त्याच्यावर उशी ठेवत. मास्तरांनी लावून पाहिला. वाजला, वाजला आणि वाजतच राहिला.

"उशी ठेवली असणार," मावशी म्हणाल्या आणि उठल्या.

काजवालीकडे स्कूटर होती. ज्या बाईची काजं कधी सरळ आली नाहीत, तिच्यामागं एरवी मावशी मेल्या तरी बसल्या नसत्या. आज बसल्या. एका हातानं धरलेली काजवालीची कंबर, दुसऱ्या हातात बूट. टेकडी उतरताना काजवाली म्हणाली, "मावशी, श्वास घेऊ द्या मला, आवळू नका इतकं!" मावशींना शुद्ध नव्हती. मनात एकच चाललं होतं, खांद्यावर बसलं की मानेवर? जराही वर लागलं असतं तर? इतकी वर्षं त्या बायकांना अभिमानानं सांगत आल्या होत्या, "नेम काय होता माझा!" देवा, नेम चुकू द्यायचास ना.

चौकात गाड्या तुंबल्या होत्या. काजवालीनं स्कूटर पदपथावर घातली. एका फळवाल्यानं शिव्या दिल्या. "परत येताना ऐकते बाकीच्या!" ती ओरडली.

घरी पोचेपर्यंत ऊन भिंतीच्या माथ्यावर गेलं होतं. मावशी चपलांसकट आत शिरल्या. पेटी ओढली, झाकण उघडलं, कपडे भिरकावले. दुपटं नव्हतं. पुन्हा पाहिलं. पेटी उपडी केली. दुपटं नव्हतंच.

"वन्सं!"

"ओरडतेस काय गं? आणि हा काय उकिरडा मांडलास? कालच आवरली होती पेटी मी." वन्सं स्वयंपाकघरातून बाहेर आल्या. हातात चहाचं पातेलं.

"पेटीतलं दुपटं कुठाय?"

"कुठलं? ती चिंधी? कोपरा कुरतडलेला दिसला, म्हटलं उंदीर लागला. किती वर्षं सांभाळायची? दुहेरी करून शिवली आणि केलं फडकं. भांडी उतरवायला बरं पडतं."

आणि मावशींना दिसलं. वन्संच्या दोन्ही हातांत, पातेल्याच्या काठाला, काजळीनं डागळलेलं पिवळं कापड. निळा काठ.

मावशींच्या तोंडातून जो आवाज निघाला, त्यानं वन्संच्या हातून पातेलंच सुटलं. चहा दारापर्यंत वाहत गेला. मावशींनी फडकं झडपलं आणि अंगणात धावल्या. आयुष्यभर बारीक टाके घातलेल्या बाईनं ते टाके दातांनी उसवले. दुहेरी घडी उलगडली आणि कापड दोरीवर टाकलं. चिमटा लावताना तीन चिमटे खाली पडले.

कापड लोंबकळत राहिलं.

अंगणात वाराच नव्हता. त्या दिवशी होतं ते अंगण आता कुठं राहिलं होतं? मागं तीन मजले उठले होते, बाजूला शेजाऱ्यांची भिंत. टेकडीवर वारा घोंघावत असेल, इथं पान हलत नव्हतं. मावशी कापडावर फुंकर घालू लागल्या. लहान मुलाच्या खरचटलेल्या गुडघ्यावर घालावी तशी. कापड जरा हलायचं, पुन्हा गप्प.

"अगं, झालंय काय? बोल तरी!" वन्सं दारात आल्या होत्या.

"चोर नव्हती ती, वन्सं. भिंगरी होती! आपली भिंगरी! तिकडे अडकलीय ती, त्या दिवशी, ह्या अंगणात. ह्या कापडाला वारा लागला नाही तर यायची नाही ती."

ह्या दोघींचं आपसात फारसं पटायचं नाही. वन्संना मावशींचा तोंडाळपणा खपत नसे आणि मावशींना वन्संची आवराआवर. एरवी वन्संनी चार प्रश्न विचारले असते, सहा टोमणे मारले असते. त्यांनी काही विचारलं नाही. आत गेल्या, कणीक मळायची मोठी परात घेऊन आल्या आणि दोन्ही हातांनी धरून दोरीसमोर जोरजोरानं हलवायला लागल्या.

"वाऱ्याला काय, वारा तो वारा! बघत काय राहिलीस? ते झाकण घे!"

काजवालीनं स्कूटरच्या पायाशी ठेवायचं रबर उपसलं. तिघी बायका एका काजळलेल्या चिंधीला वारा घालत होत्या. शेजारीण गच्चीवरून वाकली. "काय हो, माशा झाल्यात का?"

"झाल्यात!" वन्सं ओरडल्या. "तुमच्या भिंतीमुळे झाल्यात! खाली या आणि हलवा काहीतरी!"

कापड आता फडफडत होतं, पण समोरच्या घरात दिवा लागला. मावशींनी तो पाहिला. दिवेलागण झाली होती. तिकडे आत्ता एक तरुण बाई चुलीला काडी लावत असेल आणि नवऱ्याला हसून सांगत असेल, चोर गेला म्हणून. आपण मागं टाकलेल्या त्या बाईचा मावशींना इतका राग आला, की हातातलं झाकण गळून पडलं. त्यांनी दोरी पकडली. आणि जे शब्द त्या बाईनं उच्चारले होते, ते उलटे करून, सगळ्या गल्लीला ऐकू जाईल असे ओरडल्या.

"ये गं बाई! ये! ह्याच दारात ये! तोंड दाखव मला! नाही मोडत तंगडी, नाही मोडत! देवा, तेव्हा बोलले ते मी नव्हते रे, तेव्हा मला कळलं नव्हतं. हे बोलतेय ती मी आहे. हे ऐक!"

मग त्या गप्प झाल्या. परात थांबली. आणि कुणी काही हलवत नसताना कापड आपोआप वर उचललं गेलं, आडवं ताठ झालं, जणू पलीकडून कुणीतरी त्याचं दुसरं टोक धरून ओढत होतं.

दोरी काडकन तुटली. चिमटे, चिंधी, दोरी आणि एक धुळीनं माखलेली मुलगी, सगळं एकदम अंगणात कोसळलं.

भिंगरीनं तोंडावरचं फडकं ओढून काढलं. डोळे विस्फारलेले, गालांवर धुळीचे ओघळ. मुठीत दुपट्याचं दुसरं अर्धं. तेच पिवळं, पण नवंकोरं, अजून दमट.

"आई," ती म्हणाली, "केवढ्यानं मारलंस गं!"

मावशी जागच्या हलल्या नाहीत. हात पुढं करायचा होता, पण होत नव्हता. वन्संनीच पुढं होऊन झग्याचा गळा सरकवला. खांद्यावर धोपाटण्याचा वळ होता. ताजा, लाल, कडेनं निळा पडत चाललेला. मावशींनी तो पाहिला. आत्ताचा वळ होता तो. कित्येक वर्षांपूर्वीचा आणि आत्ताचा.

"आणि शिव्या काय देतेस!" भिंगरी बोलत सुटली होती, घाबरलेलं माणूस बोलतं तशी. "नाल्यापलीकडे बसून होते मी, वारा पडायची वाट बघत. म्हटलं, अर्धं ठेवलं असेल का हिनं? चुलीत घातलं असेल. एवढी चिडली होतीस, तू चुलीतच घातलं असणार असं वाटलं मला. का ठेवलंस?"

"तू सांगितलंस म्हणून," मावशी म्हणाल्या. आणि तेव्हा कुठं त्यांना रडू फुटलं. मोठ्यानं, तोंड उघडं टाकून, गल्लीची पर्वा न करता. शेजारीण खाली उतरून आली होती, हातात खरोखरच एक सूप घेऊन. तिला काही न कळताच तीही डोळे पुसू लागली.

काजवालीनं मास्तरांना फोन लावला. ते म्हणाले, "मावशींना म्हणावं, उद्या येऊन भेटा." ते रागानं म्हणाले की कसं, हे काजवालीला सांगता येईना. मावशींनी मान हलवली. उद्याचं उद्या.

भिंगरीच्या उघड्या पायाला काटे टोचले होते. मावशी खाली बसल्या, तिचा पाय मांडीवर घेतला आणि काटे काढू लागल्या. बूट शेजारी ठेवला होता. इतका वेळ तो हातात होता, हे त्यांना आत्ता कळलं.

वन्सं परात पोटाशी धरून उभ्या होत्या.

"दारात कुणी होतं का गं?" त्यांनी विचारलं. "ही गोष्टीत सांगते ना, दारात होता म्हणून. माझा दादा."

बापाचा तिला एक फोटो तेवढा माहीत होता, तोही लग्नातला, ताठ बसलेला.

"होते," ती म्हणाली. "मला कडेवर घेतलं होतं. मी रडत होते. म्हणजे ती... म्हणजे मीच. आई धावली माझ्या अंगावर, पण ते माझ्याकडे बघत होते. असे टक लावून. माझे पाय, मग माझे डोळे. आणि मग म्हणाले ते."

"जाऊ दे गं, तिला गरज असेल," मावशी हळूच म्हणाल्या. किती वेळा त्या वाक्याची नक्कल करून त्यांनी हशा पिकवला होता!

"हो. पण तू शिव्या देत होतीस तेव्हा त्यांनी आणखी एक केलं. कडेवरच्या पोरीचा हात धरून हलवला. माझ्याकडे बघून. अच्छा करतात ना बाळाकडून, तसा."

काटा काढता काढता मावशींचा हात थांबला. ह्यांना कळलं होतं? की कुणाही पाहुण्याला करायला लावतात, तसंच ते? ह्यांना विचारायची सोय नव्हती. वन्संनी परात भिंतीला टेकवून ठेवली, एकदा सरळ केली, पुन्हा सरळ केली.

"कसा दिसत होता?"

"बारीक. तुमच्यासारखं नाक. शर्टाचं एक बटण तुटलेलं."

"बघ!" वन्सं मावशींकडे वळल्या, डोळे भरलेले आणि आवाज चढलेला. "टाकेमावशी म्हणे! नवऱ्याच्या शर्टाला बटण लावता आलं नाही!"

"पोर अंगावर पिणारी होती, वन्सं! दिवसाला दहा लंगोट धुवायचे!"

"दादाचं एक बटण होतं गं..."

"आत्या," भिंगरी म्हणाली, "चहा मिळेल का कुणाकडून?"

दोघीही आत धावल्या. मावशींनी पुढं होऊन पातेलं पुन्हा ठेवलं, चहा उकळला. उतरवायला म्हणून सवयीनं ओट्यावर हात फिरवला, तर फडकं नव्हतं. ते बाहेर अंगणात होतं, मुलीच्या मांडीवर, आपल्या दुसऱ्या अर्ध्याशेजारी. मावशी क्षणभर तशाच उभ्या राहिल्या. मग त्यांनी बोटांनीच काठ धरला आणि चटका बसला तरी कप भरेपर्यंत पातेलं खाली ठेवलं नाही.